दादाचं माप

९ फेब्रुवारी

ताई,

फोनवर आपण दोघंही नुसते रडतो, बोलणं काही होत नाही, म्हणून सगळं नीट लिहून पाठव असं तू म्हणालीस. लिहायला बसलोय. अक्षराला हसू नकोस. माझ्या हातात बारा महिने खडू असतो, पेन धरायची सवय गेली.

आधी तुझ्या पायाचं. प्लास्टर निघेपर्यंत वसतिगृहाचे जिने चढू-उतरू नकोस, पोरींना वर ओरडायचं असेल तर खालूनच ओरड. आणि यायला जमलं नाही म्हणून स्वतःला खात बसू नकोस. येऊन तरी काय करणार होतीस? आम्ही इथेच होतो, आम्ही काय केलं?

दादाला बुधवारी सकाळी नेलं. माणसं खूप आली. तलावावरचे तर सगळेच होते, तिकिटाच्या खिडकीतला, पाण्यात औषध टाकणारा, फरशी घासणाऱ्या बाया. दादाने पोहायला शिकवलेली पोरं आली होती, त्यातल्या बऱ्याच पोरांची पोटं सुटलीत आणि टकलं पडलीत. एकजण माझा हात धरून म्हणाला, "सरांनी मला पहिल्याच दिवशी उचलून खोल पाण्यात टाकलं होतं. मी त्यांना आईवरून शिवी दिली होती हो." आणि तिथेच भोकाड पसरलं त्याने. तलाव त्या दिवशी बंद ठेवला होता. पोरं दादाला देवमासा म्हणायची ते तुला आठवत असेल. पाण्यात उतरला की काठावर लाट यायची.

शर्ट मी शिवला होता. फिका निळा, त्याला आवडायचा तसाच. काजं हाताने केली. मशीनची काजं दादाच्या अंगावर कधी चढू दिली नाहीत मी, या वेळीही नाही.

शेवटी कसा होता, असं तू विचारलंस. बरा होता. म्हणजे आजारी होता, पण डोकं शाबूत होतं. मी रोज जात होतो असं नाही म्हणणार, दुकान शाळांच्या गणवेशांनी गळ्यापर्यंत भरलेलं, पण जमेल तसा संध्याकाळी जात होतो. त्याचा आवाज बसला होता, त्यामुळे बडबड मीच करायचो. तुझा विषय निघायचाच. "तिला सांग पाय सांभाळ," असं म्हणाला एकदा.

वहिनी ठीक आहे. तलावाच्या आवारातली खोली मार्चअखेर सोडावी लागणार, नवे सर येतायत. तू तिला तुझ्याकडे कायमची ये म्हणालीस, हे तिने मला सांगितलं तेव्हा इतक्या दिवसांत पहिल्यांदा तिचा चेहरा सैल झालेला दिसला. पोरंबाळं नाहीत, माहेरचं कुणी उरलं नाही. मी ठेवून घेतलं असतं, पण दुकानावरच्या माझ्या माळ्यावर मीच वाकून चालतो. तुझ्याकडे तिला दोन खोल्या मिळतील, स्वयंपाकघरात तुला हात मिळेल. हे फार चांगलं केलंस.

दादाने ठेवलेल्या नावाने हाक मारणारी आता तू एकटीच उरलीस. विसरू नकोस.

तुझा
टाचण्या


२१ फेब्रुवारी

ताई,

तिकीटवाल्याने तुला बुधवारचा फोटो पाठवला, हे तुझ्या पत्रावरून कळलं. त्या माणसाला कुठे मोबाईल काढावा आणि कुठे काढू नये एवढीही अक्कल नाही.

तू विचारतेस, हा शर्ट कुणाचा? दादाचा असेल तर खुंटीला टांगल्यासारखा का दिसतोय? कॉलरमध्ये चार बोटं जातील एवढी जागा का? "तूच शिवलास ना? मग तुझी ती नजर कुठे गेली होती?"

वाचून राग आला. तुझ्यावर नाही म्हणत, पण आला. समोरच्या फुटपाथवरून माणूस नुसता चालत गेला तरी मी त्याच्या छातीचं माप सांगतो, अर्धा इंच इकडे-तिकडे. गिऱ्हाइकं पैज लावतात माझ्याशी आणि हरतात. बाकी मला काही येत नाही हे मान्य, पण तेवढं येतं. आणि तू त्यावरच बोट ठेवलंस.

तेव्हा काय झालं ते सांगतो. वहिनीचा फोन आला होता. डॉक्टर म्हणतात घरी सोडू, ह्यांना घरी जाताना दवाखान्याचे कपडे नकोत, नवा शर्ट हवाय. मी विचारलं, माप? ती म्हणाली, नेहमीचंच. आता मी काय करायचं? बायकोने नेहमीचं म्हटल्यावर शिंपी नेहमीचंच बेतणार. रोज उशाशी बसणाऱ्या माणसाला कळायला नको का, नवरा किती उतरलाय ते? मी बघायचो तेव्हा तो गळ्यापर्यंत पांघरूण घेऊन पडलेला असायचा. पांघरुणातल्या माणसाचं माप कुणाला कळणार?

चूक झाली खरी, पण ती माझ्या कात्रीची नाही, एवढंच माझं म्हणणं. तुला हे सांगणारही नव्हतो. तू खोदून विचारलंस म्हणून.

जाऊ दे. एक संध्याकाळ सांगतो, म्हणजे तुलाही बरं वाटेल. मी संत्री घेऊन गेलो होतो. सोलून एकेक फोड त्याच्या हातावर ठेवत होतो. तर म्हणतो कसा, "साल काढलंस, आता बिया काय तुझा बाप काढणार?" म्हटलं, माझा बाप तोच तुझा बाप. हसला. खोकला येईपर्यंत हसला. मग तुझी चौकशी केली, पोरींना अजून तशीच धाकात ठेवते का म्हणून. तर असा होता. असाच डोळ्यांसमोर ठेव त्याला, तो फोटो पुसून टाक.

तुझा
टाचण्या


५ मार्च

ताई,

वहिनीला असं लिहायला नको होतंस.

ती काल दुपारी दुकानात आली. मी एका जाड्या वकिलाच्या पँटची शिवण सोडवत होतो. ती स्टुलावर बसली, पर्समधून तुझं पत्र काढलं आणि टेबलावर कापडाच्या गठ्ठ्यावर ठेवून म्हणाली, "वाचा भावजी." तोंडात टाचण्या होत्या, ते एक बरं झालं. तोंडात टाचण्या असल्या की शिंप्याला कुणी उत्तर मागत नाही. गिऱ्हाईक विचारतं छान दिसतो का मी, आपण नुसतं हूं म्हणायचं.

तू लिहिलंयस, "तीस वर्षांच्या संसारात नवऱ्याचं अंग तुम्हाला कळलं नाही. माझ्या भावाला शेवटच्या दिवशी बुजगावणं करून पाठवलंत. अशा माणसाबरोबर एका घरात राहणं मला जमणार नाही. तुम्ही तुमची दुसरी सोय बघा." खाली सहीसुद्धा नुसत्या आडनावाने.

मी ते दोनदा वाचलं. ती आता काय बोलेल म्हणून जीव मुठीत धरून वाट बघत होतो. म्हटलं, आता म्हणेल, भावजी, मी कधी सांगितलं हो तुम्हाला माप? पण तिने पत्राची घडी घातली आणि म्हणाली, "ताईंचा राग बरोबर आहे. शर्ट ढगळ होता." मग इकडेतिकडे बघितलं, वकिलाच्या पँटकडे बघून म्हणाली, "ह्यात आपण दोघं मावू." आणि विचारलं, "तुमच्या माहितीत कुठे एखादी खोली आहे का भाड्याने? स्वस्तातली?"

म्हटलं, बघतो.

ताई, रागाच्या भरात असं तोडू नये. गडबडीत कुणाचंही चुकतं. ती बिचारी दवाखान्याच्या फेऱ्या मारून थकलेली, फोनवर बोलताना काहीतरी इकडचं तिकडे झालं असेल. मी तुला लिहिलं ते तिला दोष द्यायला नाही. मी काही तसं म्हटलं नव्हतं. तू पुन्हा एकदा तिला लिही आणि ये म्हण. एवढं माझं ऐक.

तुझा
टाचण्या


७ मार्च

ताई,

परवा लिहिलं की मी तसं म्हटलं नव्हतं. म्हटलं होतं. तुझ्याकडे पत्र असेलच, काढून बघ.

वहिनीने मला कुठलंही माप सांगितलं नव्हतं. ती म्हणाली होती, माप घ्यायला या. मी गेलो नाही. फोनवरच म्हटलं, "अहो वहिनी, दादाचं माप मला पाठ आहे, झोपेत उठवून विचारा."

एवढं लिहायला सकाळपासून चार वेळा बसलो. पुढचं आज लिहवत नाही. तू तोवर वहिनीला निदान एवढं तरी कळव की तिचा दोष नव्हता.


१३ मार्च

ताई,

तुझ्या दोन ओळी मिळाल्या. "मग तूच नीट बघितलं नव्हतंस. ठीक. तुझ्याकडून चूक झाली हे कबूल केलंस, पण तिने तरी शर्ट आल्यावर बघायला हवा होता." म्हणजे तू अजून तिच्यावरच रागावलेली आहेस आणि मला अर्धं माफ केलंयस. चुकीला माफी मिळते. पण माझी ती चूक नव्हती.

काल वहिनीला खोली दाखवायला घेऊन गेलो. गॅरेजच्या वर आहे, एकच खोली, खिडकी उघडली की समोर भिंत. खाली दिवसभर पत्रा ठोकतात, त्याने कपाटाची काच थरथरत होती. मालक दारातच उभा राहून म्हणाला, "एकट्याच राहणार? आणि तुम्ही ह्यांचे कोण?" मी म्हटलं, दीर. तो म्हणाला, "मग दिराच्या घरी जागा नाही होय?" वहिनीने नळ सोडून बघितला, पाणी लाल आलं, थोड्या वेळाने साफ झालं. ती खोलीच्या मध्ये उभी राहिली, एकदा सगळीकडे फिरून बघितलं आणि म्हणाली, "एका माणसाला पुरे." तिच्या आवाजात तक्रार असती तर मी आज हे लिहायला बसलो नसतो, घरी जाऊन जेवून झोपलो असतो. एवढा कोडगा झालोय मी.

तेव्हा आता ऐक. मध्ये थांबू नकोस, पुढचं वाच.

मी दवाखान्यात रोज जात नव्हतो. जमेल तसाही जात नव्हतो. दादा तिथे होता त्या सगळ्या काळात मी एकदा गेलो.

आधी जात नव्हतो ते भीतीने. दुसरं काही कारण नाही. गणवेशांचं काम होतं, पण ते दरवर्षीच असतं. मला आजारी माणसं बघवत नाहीत, असं मी सगळ्यांना सांगत असतो, जणू बाकीच्यांना बघायला आवडतात. दादा मला एका हाताने खांद्यावर घ्यायचा. त्याला खाटेवर बघायचं मी टाळत होतो. वहिनी फोन करायची, मी म्हणायचो उद्या येतो.

मग एकदा दुपारी गेलो. संत्री घेतली. तिसरा मजला, लांबट खोली, दोन्ही बाजूंना खाटा. नर्सला विचारलं, तिने मान वर न करता सांगितलं, डावीकडे तिसरा. डावीकडे तिसऱ्या खाटेवर एक म्हातारा बसला होता. डोक्यावर लोकरीची टोपी, दोन्ही हातांत पाण्याचा पेला. मला वाटलं नर्सने चुकीचं सांगितलं. पलीकडची खाट रिकामी होती, चादर नुकती बदललेली. मी त्या म्हाताऱ्याजवळ गेलो आणि म्हटलं,

"आजोबा, इथे एक धिप्पाड गृहस्थ होते, पोहायला शिकवणारे. त्यांना कुठे हलवलं?"

तो माझ्याकडे बघत राहिला. टोपीखाली भुवया नव्हत्या, त्यामुळे चेहऱ्यावरून काही कळत नव्हतं. त्याने पेला सावकाश बाजूला ठेवला आणि म्हणाला, "तपासणीला नेलंय त्यांना. वेळ लागेल. तुम्ही उद्या या."

आवाज दादाचा होता. बसलेला, घोगरा, पण त्याचाच. "वेळ लागेल" म्हणाला तेव्हाच मी ओळखला. मग त्याचे कानही ओळखू आले, आणि बोटं.

ताई, मी तेव्हा काय करायला हवं होतं हे तुला माहीत आहे, मलाही माहीत आहे. त्याच्या पायाशी बसायचं होतं. "अरे दादा, नजर गेली माझी" असं काहीतरी बोलून हसायचं होतं, तोही हसला असता. मी म्हटलं, "बरं. उद्या येतो." आणि काढता पाय घेतला. त्याने मला दार उघडून दिलं होतं आणि मी त्यातून निघून गेलो. खाली उतरल्यावर आवारातल्या बाकावर बसलो आणि संत्री सोलून खाल्ली. सगळी खाल्ली. बियांचं जे तुला लिहिलं ते मी बनवलं. पाय सांभाळ हेही बनवलेलं. तो तुझ्याबद्दल काय बोलायचा ते मला माहीत नाही, मी तिथे नव्हतो. वहिनीला माहीत असेल, पण तिला तू दार लावलंस, ते माझ्यामुळे.

अजून एक आहे आणि ते सगळ्यात वाईट आहे.

त्याला ओळखायच्या आधीच मी त्याचं माप घेतलं होतं. सवयीने. खाटेकडे चालत गेलो तेवढ्यात डोळ्यांनी घेऊन टाकलं. छाती छत्तीस, गळा चौदा. माणूस कळला नाही, पण माप बरोबर घेतलं. म्हणजे दोन दिवसांनी वहिनीचा फोन आला तेव्हा दादाचं खरं माप मला ठाऊक होतं. निळं कापड टेबलावर पसरलं आणि खडूने आधी छत्तीसच आखलं. मग थांबलो. छत्तीसचा शर्ट गेला तर वहिनी विचारणार, भावजी, तुम्ही तर आला नव्हता, तुम्हाला कसं कळलं? मग दादा तिला सांगणार. किंवा नाही सांगणार, नुसता माझा शर्ट घालून बसणार, आणि त्याला कळणार की मी त्याला पाहिलं होतं आणि ओळखूनही गेलो. मी खडू पुसला आणि शेहेचाळीस आखलं. न बघितलेल्या भावाचा शर्ट. तो जितका ढगळ होईल तितका मी सुटणार होतो.

शर्ट मी दुसऱ्याच्या हाती पाठवला. घरी जाणं काही झालं नाही, तो त्याला बुधवारीच घातला. वहिनीने पाठीमागून कापड ओढून टाचण्या लावल्या होत्या, तरी पुढून दिसायचं ते दिसलंच. ते काम माझं होतं आणि मी दारात पाहुण्यांच्या चपला बघत उभा होतो. कुणीतरी मागे कुजबुजलं, "भाऊ शिंपी आहे ना ह्यांचा?" मग तुला तो फोटो गेला, तू विचारलंस, आणि मला दुसरं कुणी सापडलं नाही म्हणून मी वहिनीला पुढे केलं. ती उलटून बोलणार नाही हे मला माहीत होतं, हेही लिहून टाकतो.

मला खरंच त्याची फार आठवण येते. हे म्हणायचा हक्क मला आहे की नाही कुणास ठाऊक. संध्याकाळी कात्री खाली ठेवली की रडू येतं, आणि मग स्वतःचाच राग येतो. हा रडणारा माणूस तेव्हा कुठे होता, असं वाटतं.

माझ्याशी बोलायचं की नाही ते तू ठरव. नाही बोललीस तर मी विचारणार नाही का म्हणून. मला एवढंच हवंय, वहिनीला त्या खोलीत राहायला लावू नकोस. गॅरेजवाल्याला मी अजून हो म्हटलेलं नाही, महिनाअखेरपर्यंत थांबवलंय. हे पत्र मी उघडंच तिच्या हाती देतोय. तिने वाचावं आणि मग पोस्टात टाकावं. तिलाही हे कळायला हवं, आणि तोंडाने सांगायची माझी छाती नाही.

भाऊ


१ एप्रिल

ताई,

काल सकाळच्या बसने वहिनी निघाली. हे पत्र पोहोचेल तोवर ती तुझ्या स्वयंपाकघरात असेल. तू तिला तिकीट पाठवलंस, चार पानं लिहिलीस, आणि मला काही नाही. बरोबर केलंस. मी उत्तरासाठी लिहीत नाही. एक गोष्ट काल कळली, आणि ती तुझ्यापासून दडवली तर मी पुन्हा होतो तिथेच जाईन. वहिनी तुला ती आपणहून सांगणार नाही.

तिचं सामान म्हणजे दोन बॅगा आणि एक गादीची वळकटी. ती वर चढवली, बस सुटायला वेळ होता, म्हणून आम्ही बाकावर बसलो. तिने डब्यातली पोळी काढून अर्धी मला दिली. मला विचारायचं होतं आणि विचारवत नव्हतं. शेवटी म्हटलं, "वहिनी, ते पत्र वाचलंत ना तुम्ही?"

"नाही वाचलं. चिकटवून पोस्टात टाकलं."

"अहो, वाचायलाच दिलं होतं."

"काय असणार त्यात ते मला माहीत होतं भावजी."

मी दवाखान्यात येऊन गेलो त्याच संध्याकाळी दादाने तिला सगळं सांगितलं होतं. "टाचण्या आला होता," म्हणाला. "मला आजोबा म्हणाला. मग मीपण आजोबासारखंच केलं, म्हटलं तुम्ही उद्या या." खूप हसला म्हणे. हसता हसता धाप लागली, पाठ चोळावी लागली. मग शांत झाला आणि त्याने आरसा मागितला. दवाखान्यात आल्यापासून पहिल्यांदाच.

"दिलात?" मी विचारलं.

"नाही. म्हटलं, भावजींना चष्मा लागलाय. पण गिऱ्हाईक काय म्हणेल म्हणून लावत नाहीत, असेच धडपडत फिरतात. त्यांना पटलं. म्हणजे पटवून घेतलं."

माझ्या हातात पोळी तशीच होती. तिने ती काढून घेतली, डब्यात ठेवली. मी म्हटलं, तुमच्यावर एवढं आलं, ताई नको नको ते बोलली, तरी तुम्ही एका शब्दाने बोलला नाहीत. ती म्हणाली, "ह्यांनी सांगितलं होतं, त्याला कुणी काही बोलायचं नाही. तो आधीच घाबरट आहे."

मग कंडक्टरने हाक मारली. ती उठली, पदर सारखा केला. मला वाटलं आता विचारलं नाही तर कधीच विचारता येणार नाही. म्हटलं, "वहिनी, शर्टाचं सांगा. तो ढगळ आला तेव्हा दादा काय म्हणाला?"

"शर्ट आलेला त्यांना दाखवलाच नाही मी," ती म्हणाली. "आणि शर्ट हवा होता कुणाला? कपाटात पाच कोरे पडले होते, तुम्हीच शिवलेले. 'मापाला म्हणून बोलाव त्याला, कामासाठी म्हटलं की येईल,' असं हेच म्हणाले. म्हणून मी फोन केला. तुम्ही पाठ आहे म्हणालात, ते मी त्यांना सांगितलं नाही. उद्या येतील, असं मीच त्यांना म्हणत राहिले."

ती पायरीवर चढली आणि वळली.

"रोज सकाळी वॉर्डबॉयकडून तोंड पुसून घ्यायचे. टोपी काढून, उशीला टेकून, ताठ बसायचे संध्याकाळपर्यंत. म्हणायचे, या खेपेला ओळखेल."